टीचरनी न टाकलेला शब्द

आमच्या टीचरनी आम्हाला एक अख्खं वर्ष इंग्रजीतला एकच शब्द शिकवला. जी, ई, टी, गेट. फाटक नव्हे. फाटकाचा उच्चार लांबवायचा, याचा तोडायचा, हे पहिल्याच दिवशी सांगून झालं होतं. इंग्रजीत बाकीही शब्द असतात असं आम्ही ऐकून होतो, पण आमच्या वर्गात ते यायचे ते 'गेट'च्या मागेपुढे शेपटासारखे लागून. गेट अप, गेट ऑन, गेट ओव्हर, गेट अवे. गणपती गेले, दिवाळी गेली, नाताळ तोंडावर आला, तरी आमची गाडी तिथेच. इतकी वर्षं झाली, पण अजून कुणी 'गेट' म्हणालं की माझे दात आपोआप आवळले जातात.

मला इंग्रजीची हौस नव्हती. गरज होती, आणि गरजेला घाई असते. नव्वदचं दशक संपत आलेलं. वसई ईस्टच्या एव्हरशाईन सिटीत आम्ही नुकते राहायला आलो होतो. भिंतींना रंगाचा वास, टाकीत टँकरचं पाणी आणि खिडकीतून संध्याकाळी डासांची फौज. मी कणकवलीकडची, मराठी घेऊन बीए झालेली. इंग्रजीचा पेपर प्रत्येक वर्षी देवाच्या कृपेने सुटलेला. माझी सायली तीन वर्षांची झाली होती आणि वसईतल्या एका कॉन्व्हेंट शाळेत तिला घालायचं हे नवऱ्याने ठरवून टाकलं होतं. त्या शाळेत लेकराला प्रवेश द्यायच्या आधी आईबापांची मुलाखत घेत. इंग्रजीतून. नवऱ्याचं निभावलं असतं, तो ऑफिसात दिवसभर 'येस सर, शुअर सर' करतच होता. पण सिस्टर आईकडे जास्त बघतात, आईला बोलता आलं नाही तर पोरीचा अभ्यास कोण घेणार म्हणतात, असं सगळ्या बिल्डिंगमध्ये पसरलं होतं. थोडक्यात, सायलीची शाळा माझ्या जिभेवर येऊन बसली होती, आणि माझी जीभ इंग्रजी दिसलं की टाळूला चिकटत होती.

टीचर शोधून काढल्या कुलकर्णी वहिनींनी. त्या माझ्या शेजारच्या, साताऱ्याकडच्या, आवाज खणखणीत. त्यांचा मुलगाही सायलीच्याच वयाचा. त्या म्हणाल्या, वेस्टला सांडोर गावच्या एक बाई आहेत, ख्रिश्चन, इंग्रजी फाडफाड बोलतात, दुपारी येऊन शिकवायला तयार आहेत. मग वहिनींनी आवाज खाली आणला. त्यांचा आवाज खाली आला की समजायचं, मुद्दा आता येतोय.

"आणि बघ, त्यांच्यातल्याच आहेत. सिस्टरांशी ओळख असणारच. वेळ आली की एक शब्द टाकतील."

झालं. आठवड्यातून तीन दुपारी माझ्या हॉलमध्ये आम्ही सहासातजणी वह्या घेऊन बसू लागलो. शिकायचं म्हणून नाव इंग्रजीचं, पण डोळा होता तो त्या न टाकलेल्या शब्दावर. हे सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणी उच्चारत नव्हतं. आपल्याकडे वशिल्याची हीच रीत आहे. ज्याच्याकडून काम करून घ्यायचं, त्याला ते सोडून बाकी सगळं बोलायचं.

टीचर पंचावन्नच्या पुढच्या असतील. फुलाफुलांचा फ्रॉक, पांढरे कॅनव्हासचे बूट, केसांचा घट्ट अंबाडा. खांद्याला कापडी पिशवी आणि पिशवीत डिक्शनरीच्या सोबतीला वाडीतलं काहीतरी असायचंच. कधी वेलची केळी, कधी अळूची जुडी, उन्हाळ्यात सुकेळी. राजेळी केळी सोलून, उन्हात वाळवून पानात बांधलेली ती सुकेळी मी पहिल्यांदा त्यांच्याच हातून खाल्ली. सायलीला त्या "बाय" म्हणत, मलाही "बाय" म्हणत, कुलकर्णी वहिनींनाही "बाय"च. वहिनींना ते आवडत नसे, पण शब्द टाकायचा बाकी होता, म्हणून त्या गप्प बसत.

त्यांची एक सवय मला पहिल्या आठवड्यातच खटकली. त्या बसत नसत. मी चांगली खुर्ची मांडायची, उशी ठेवायची, पण टीचर खुर्चीच्या शेजारी उभ्या. हात समोर एकावर एक ठेवलेले. "बसा ना टीचर" म्हटलं की काठावर टेकायच्या आणि पुढच्या वाक्याला पुन्हा उभ्या. आणि दुसरी सवय म्हणजे दाराची बेल. घर माझं, दार माझं, बेल वाजली की मी उठणार हे उघड आहे. पण माझी वही मांडीवरून खाली उतरेपर्यंत टीचर दाराशी पोचलेल्या असत. "आय विल गेट इट," म्हणत. फोन वाजला तरी तेच. दूधवाला, इस्त्रीवाला, शेजारची चिल्लीपिल्ली, सगळ्यांना आमच्या घराचं दार वर्षभर टीचरनीच उघडलं. वहिनी म्हणायच्या, बघ, उत्साह बघ. मला वाटायचं, दुसऱ्याच्या घरात एवढी लगबग बरी नव्हे.

डिक्शनरीबद्दल सांगायला हवं. तिला पुठ्ठा नव्हता. वर मेणकापडाचं कव्हर शिवलेलं होतं आणि टेबलावर ठेवली की ती आपोआप एकाच ठिकाणी उघडायची. 'गेट'ची पानं बोटांनी पिवळी पडून चपातीसारखी मऊ झाली होती. एवढ्याशा तीन अक्षरांच्या पोटात इतके अर्थ की ते वाचता वाचता माझ्या डोळ्यांसमोर अंधारी यायची. आणणे, मिळणे, होणे, पोचणे, समजणे, पकडणे, वैतागवणे. मी एकदा चिडून म्हटलंच, असा कसा एक शब्द, त्याला काही स्वतःचा धर्म आहे की नाही?

टीचरनी डोळे मिचकावले. "आनि तुमचं लागनं?" त्या म्हणाल्या. "भूक लागते, ठेच लागते, नोकरी लागते, लॉटरी लागते. दूध लागतं तेव्हा भांडं घासावं लागतं आनि जीव लागतो तेव्हा काय घासनार? तुम्ही रोज बोलता ते चालतं, गोऱ्याने बोललं की राग येतो."

हे बरोबर होतं, आणि दुसऱ्याचं बरोबर असलं की मला जास्त राग येतो.

घरचा अभ्यास असा की आठवडाभरात कानावर पडलेला एक 'गेट' प्रत्येकीने आणायचा. कुठूनही. टीव्हीवरचा, भाजीबाजारातला, पोरांच्या तोंडचा. मी 'गेटअप' नेला, कारण सोसायटीच्या गॅदरिंगमध्ये सगळे "काय गेटअप केलाय" म्हणत होते. टीचरनी डिक्शनरी उघडून दाखवलं की गेट अप म्हणजे उठणे. मग क्षणभर थांबून म्हणाल्या, "पन उठल्याशिवाय नटता येत नाय. म्हनून तुमचं पन बरोबर." वहिनींनी 'गेट-टुगेदर' आणला आणि आपण फार मोठा मासा पकडला अशा थाटात बसल्या. वरच्या मजल्यावरची पोरं केबलवर बघून एकमेकांना "गेट लॉस्ट" म्हणायची, तेही कुणीतरी आणलं. असलं बोलणं डिक्शनरीत कशाला, असं मी म्हटलं तर टीचर म्हणाल्या की ते रस्त्यावरचं असेल, पण माणसंही रस्त्यावरच जास्त असतात.

फक्त एकदा त्या अडल्या. वहिनींचा कॉलेजात जाणारा दीर वहिनींना कशावरून तरी "गेट अ लाइफ, वहिनी" म्हणाला होता. वहिनींनी ते जसंच्या तसं आणून टीचरपुढे टाकलं. टीचरनी पिवळी पानं मागेपुढे चाळली, चष्मा पुसला, पुन्हा चाळली. त्यांच्या जुन्या डिक्शनरीत ते नव्हतं. "आनायची कुठून बाय?" त्या म्हणाल्या. "ती असतेच ना आपली." पुढचे दोन आठवडे त्यांनी तो विषय सोडला नाही. बसमधून येताना विचार करत होते, म्हणायच्या. शेवटी दिरालाच विचारून वहिनींनी सांगितलं की याचा अर्थ, दुसऱ्यांच्या मागे काय लागतेस, स्वतःचं काहीतरी बघ. टीचर "असं होय," म्हणाल्या आणि त्या दिवशी वर्ग लवकर आटोपला.

हे सगळं ऐकायला गोड वाटतं. मला गोड वाटत नव्हतं. माझ्या डोक्यात मुलाखतीची घंटा वाजत होती आणि इथे आम्ही दारं उघडत होतो. कारण टीचरची उदाहरणं बघा. गेट द डोअर. गेट द फोन. गेट द बेबी. गेट द टॉवेल, गेट हिज शूज, गेट डिनर रेडी. सगळा हुकमाचा कारभार. मी म्हटलं, टीचर, आम्हाला हुकूम सोडायला शिकवून काय उपयोग, घरात ऐकणारं कोण बसलंय? सगळ्या हसल्या. टीचरही हसल्या, आणि पुढचं वाक्य पुन्हा तसलंच, गेट द क्लोद्स इन, इट्स गोइंग टु रेन.

मी शेवटी स्टेशनजवळच्या दुकानातून इंग्रजी संभाषणाचं एक पुस्तक आणलं आणि चोरून घोकायला घेतलं. माय नेम इज अमुक. आय हेल फ्रॉम कोकण. माय हॉबीज आर रीडिंग अँड कुकिंग. टीचरना एकदा म्हणून दाखवलं. त्यांनी मान हलवली. "हे पोपट पन बोलतो, बाय."

माझा तोल गेला. मी म्हटलं, टीचर, सिस्टर पहिला प्रश्न हाच विचारतात. टेल मी समथिंग अबाउट युअरसेल्फ. सगळ्यांना हाच विचारलाय, गेल्या वर्षीच्या बायकांना विचारून घ्या. त्याचं उत्तर तुम्ही आम्हाला कधी शिकवणार?

टीचरनी डिक्शनरी बंद केली. ती बंद केलेली मी तेव्हा पहिल्यांदाच पाहिली. "ते नंतर," त्या म्हणाल्या.

ते नंतर काही आलं नाही. मी पुढच्या आठवड्यात विचारलं, त्याच्या पुढच्या आठवड्यात विचारलं. दर वेळी ते नंतर, आणि दर वेळी गेट. मी रात्री जेवताना नवऱ्यापुढे धुसफुसायची. तो म्हणायचा, मग सोड ना क्लास. पण कसा सोडणार? वशिला सुटला असता.

नाताळाच्या सुट्टीआधी बायकांनी मला पुढे केलं. घर माझं, म्हणून विचारायचंही मीच. आम्ही त्यांना दिवाळीच्या फराळाचा डबा दिला होता, नाताळाला साडी द्यावी की फ्रॉकचं कापड यावर खल झाला होता. वर्ग संपल्यावर मी टीचरना गॅलरीत नेलं. खाली टँकर लागला होता आणि बादल्यांचा गोंधळ चालला होता. मी आडून आडून सुरुवात केली. शाळा चांगली आहे म्हणतात. सिस्टर कडक आहेत म्हणतात. तुम्ही चर्चमध्ये भेटत असाल ना त्यांना. टीचर नुसत्या ऐकत होत्या. शेवटी मी सरळ म्हटलं, आमच्यासाठी एक शब्द टाकाल का?

त्यांचं तोंड एकदम लहान झालं.

"मी कोन बाय शब्द टाकनारी?"

एवढंच. पिशवी खांद्याला लावली आणि जिना उतरून गेल्या. मी आत येऊन सांगितलं तेव्हा वहिनी म्हणाल्या, ही नाही म्हणायची सभ्य रीत आहे, वर्षभर आपल्याकडून चहा ढोसला आणि वेळेला हात वर केले. मला ते पटलं, याचं आज आश्चर्य वाटत नाही. चिडलेल्या माणसाला वाईट ते लवकर पटतं.

मुलाखतीच्या सकाळी सायलीला दोन वेण्या घातल्या, नवऱ्याने टाय लावला, मी पुस्तक पदराखाली धरून घोकत घोकत रिक्षात बसले. शाळेच्या आवारात बदामाचं मोठं झाड होतं. व्हरांड्यात ऑफिसबाहेर लांब बाक टाकलेला आणि त्यावर पोरांना मांडीवर घेऊन आईबाप ओळीने बसलेले. सगळ्यांचे ओठ हलत होते, आवाज नव्हता. मी बाकाच्या टोकाकडे पाहिलं आणि उभीच राहिले.

तिथे टीचर बसल्या होत्या. नवा फ्रॉक, इस्त्रीची घडी मोडलेली नाही. मांडीवर चार वर्षांची पोरगी, कुरळे केस, पांढरी रिबीन. टीचरचेही ओठ हलत होते.

मी शेजारी जाऊन बसले. त्या माझ्याकडे पाहून ओशाळं हसल्या. ही जेनी, म्हणाल्या, माझ्या लेकीची लेक. आईबाप मस्कतला आहेत, म्हणून मी घेऊन आले. एवढंच.

मला इतका संताप आला की घोकलेलं पहिलं वाक्य विसरले. वर्षभर माझ्या घरात येता, मी पोरीच्या या शाळेसाठी तळमळतेय हे बघता, आणि तुमचीही पोर याच दारात उभी करायची आहे हे एका शब्दाने सांगत नाही? आणि लगेच दुसरा विचार. यांना काय काळजी. यांची शाळा, यांच्या सिस्टर. आज नातीचं काम आधी होणार, म्हणूनच आमच्यासाठी शब्द टाकायला जीभ उचलली नाही.

जेनीचं नाव पुकारलं गेलं. मी पाय आखडून वाट दिली. दार अर्धं उघडंच राहिलं, पंख्याच्या वाऱ्याने ते लागत नव्हतं. आतलं टेबल आणि टेबलामागच्या सिस्टर मला दिसत होत्या. सिस्टर तरुण होत्या, दक्षिणेकडच्या, त्याच वर्षी बदलून आलेल्या. मराठीचा गंध नसावा. त्यांनी जेनीला चॉकलेट दिलं, नाव विचारलं, रंग विचारले. पोरीने धडाधड सांगितलं. मग टीचरना म्हणाल्या, प्लीज सिट डाउन. टीचर खुर्चीच्या शेजारी उभ्या राहिल्या. हात समोर, एकावर एक.

"टेल मी समथिंग अबाउट युअरसेल्फ," सिस्टर म्हणाल्या.

पंख्याचा आवाज येत होता. मी पुढे झुकले. वर्षभर मला नाकारलेलं उत्तर आता ऐकायला मिळणार होतं.

"येस, मॅडम," टीचर म्हणाल्या.

सिस्टर हसल्या. आवाज मऊ करून त्यांनी तोच प्रश्न पुन्हा विचारला. सावकाश, एकेक शब्द सुटा करून. तुम्ही कोण, काय करता, घरात कोण कोण असतं.

"येस, मॅडम."

एवढ्यात टेबलावरचा फोन वाजला. टीचर पुढे झाल्या. त्यांचा हात रिसीव्हरपर्यंत गेला, मग त्यांच्या लक्षात आलं आणि त्यांनी तो मागे घेऊन दुसऱ्या हाताखाली लपवला. सिस्टरांनी फोन उचलला, दोन वाक्यं बोलून ठेवला, आणि मग फारसं काही विचारलं नाही.

आमचा नंबर लागला तेव्हा माझे कान गरम झाले होते. मी पोपटासारखी बोलले. नाव, कोकण, रीडिंग अँड कुकिंग. सिस्टर मान हलवत होत्या. मग त्यांनी पुस्तकात नसलेला प्रश्न विचारला, तुम्ही ईस्टला राहता, एवढ्या लांब पोरीला वेळेवर कोण पोचवणार, पावसात काय करणार? नवऱ्याने तोंड उघडलं, पण त्याच्या आधी माझ्या तोंडून बाहेर पडलं, "आय विल गेट हर हिअर, सिस्टर. आय विल गेट हर रेडी अँड गेट हर हिअर." सिस्टरांनी पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं आणि कागदावर काहीतरी लिहिलं. ते वाक्य मी घोकलेलं नव्हतं. ते कुठून आलं हे मला ठाऊक होतं.

बाहेर आलो तर टीचर बदामाच्या झाडाखाली थांबल्या होत्या. नवऱ्याला सायलीला घेऊन पुढे जायला सांगितलं आणि मी त्यांच्यासमोर उभी राहिले. मला भांडायचं होतं. मी विचारलं, टीचर, तुम्हाला इंग्रजी येतं, मी वर्षभर ऐकलंय. एवढ्याशा प्रश्नाचं उत्तर का दिलं नाही?

त्या जेनीची रिबीन सारखी करत होत्या. मग त्यांनी जे सांगितलं ते थोडक्यात असं. लग्नाच्या आधीपासून त्या कुलाब्याला एका साहेबाच्या घरी आया होत्या. तिथेच पोरं वाढवली, साहेबाची. आपली लेक इथे आईकडे ठेवली होती. सकाळी उठल्यापासून मॅडमच्या तोंडी एकच शब्द, गेट. गेट द डोअर, गेट द बेबी. दर वेळी अर्थ वेगळा, आणि चुकलं की ओरडा. म्हणून त्यांनी तो एकच शब्द धरून ठेवला. साहेब देश सोडून गेले तेव्हा मॅडमने घरातलं जुनं सामान वाटलं, त्यात डिक्शनरी यांच्या वाट्याला आली.

"आनायला सांगायचे, उघडायला सांगायचे, उठायला सांगायचे," टीचर म्हणाल्या. "तू कोन, असं इंग्लिशमधून मला कोनी कधी विचारलंच नाय, बाय. तुम्हाला काय शिकवू?"

मी भांडायला आले होते. ते भांडण करायचं राहिलं, ते आजतागायत राहिलंच आहे. कुणाशी करायचं तेच कळत नाही. टीचरशी? त्यांनी आधी सांगायला हवं होतं, हे मी आजही म्हणेन. आम्ही त्यांना मोठ्या ओळखीची बाई समजून वर्षभर चहा पाजला आणि त्या आमच्यासारख्याच बाकावर बसून ओठ हलवत होत्या.

पुढच्या महिन्यात निकाल लागला. सायलीला मिळालं. जेनीला नाही. वहिनींच्या मुलालाही नाही. वहिनींनी जिन्यात मोठ्याने ऐकवलं की त्या बाईने आपल्या नातीचं साधलं असेल बघ. मी सांगितलं, तिलाही नाही मिळालं. वहिनींना वाटलं मी झाकतेय. मी दार लावून घेतलं.

दोन दिवसांनी बेल वाजली. दारात टीचर, हातात सुकेळीची पुडी. आत आल्या नाहीत. सायलीच्या गालाला हात लावून म्हणाल्या, "गॉट इन. बघ, हा पन एक अर्थ." जेनीला सांडोरमधल्याच मराठी शाळेत घातलं, चांगली आहे, घराजवळ आहे, असंही म्हणाल्या. त्यांच्या आवाजात तक्रार नव्हती, त्यामुळे मला आणखीच वाईट वाटलं. वर्ग बंद झाला. ज्यांचं काम झालं त्यांना इंग्रजीची गरज उरली नव्हती आणि ज्यांचं झालं नाही त्यांनाही.

मी मात्र अधूनमधून सायलीला घेऊन सांडोरला जायची. केळीच्या वाडीतून पाटाकडेने गेलं की त्यांचं कौलारू घर. ओट्यावर त्या घरच्यांशी आपल्या बोलीत बोलत असत तेव्हा निराळ्याच असत. आवाज चढा, हात हवेत, एका दमात चारचार वाक्यं, आणि सगळे गप्प बसून ऐकतायत. मला अर्धं कळत नसे, पण ही बाई उभी न राहता, चांगली ऐसपैस मांडी घालून बोलतेय, एवढं दिसत असे. सायली दिसली की त्या विचारायच्या, काय नवीन गेट आनलं? सायली शाळेतून पोत्याने आणायची. आय डोन्ट गेट यू. गेट रिअल. ती सातआठ वर्षांची होती तेव्हा एकदा तिने टीचरचा उच्चारच दुरुस्त केला. अशी मान उडवून, कॉन्व्हेंटच्या थाटात.

"येस, मॅडम," टीचर म्हणाल्या आणि खळखळून हसल्या. ओट्यावरचे सगळे हसले. मला नाही हसू आलं.

काही वर्षांनी टीचर गेल्या. आजार फार दिवसांचा नव्हता, म्हणून मला कळलंही उशिरा. दफनविधी होऊन गेल्यावर जेनी आमच्याकडे आली. आता उंच झालेली, तेच कुरळे केस. प्रार्थनेच्या दिवशी वाटायला कार्ड छापायचं होतं. वर फोटो, खाली आजीबद्दल चार ओळी, आणि मम्मीचं म्हणणं की त्या इंग्रजीत हव्यात. "तुम्ही आजीच्या स्टुडंट ना, आंटी," ती म्हणाली. "तुम्ही लिहा." मी हो म्हटलं. नाही कसं म्हणणार?

ती गेल्यावर कागद घेऊन बसले आणि काही म्हणजे काही सुचेना. माझं इंग्रजी तेवढंच होतं, त्यांनी दिलेलं. सायली सोफ्यावर पाय टाकून बसली होती, म्हणाली, दे इकडे, पाच मिनिटांचं काम आहे. तिने झरझर लिहून वाचून दाखवलं. शी वॉज अ डिव्होटेड टीचर अँड अ लव्हिंग ग्रँडमदर. मी म्हटलं, खोड ते. असं कुणाच्याही कार्डावर असतं.

"मग काय लिहू?" सायली वैतागली. "मला काय माहीत त्यांच्याबद्दल. त्या कोण होत्या, ते तू सांग ना."

इतका साधा प्रश्न.

तेवढ्यात बेल वाजली. सायलीने कागदावरून मानही वर केली नाही. "मम्मी, गेट द डोअर ना."

माझे गुडघे सवयीने हलले होते. मी ते दाबून धरले आणि बसून राहिले.

"तू ऊठ," मी म्हटलं. "दार उघड, आणि परत इथे येऊन बस. मग सांगते."

बेल पुन्हा वाजली. सायली माझ्याकडे विचित्र नजरेने पाहत उठली. इस्त्रीवाला होता. कपडे घेऊन, दार लावून ती परत आली आणि माझ्यासमोर बसली. पेन उघडं.

"त्यांचं नाव फिलोमिना," मी म्हटलं. "आम्ही कुणी कधी विचारलं नव्हतं. मला ते आत्ता, जेनीने दिलेल्या फोटोच्या मागे वाचलं तेव्हा कळलं."